ह्यांच्या खोलीतला माग

६ मार्च १९९४, रविवार

शेजारची फादमा सकाळीच मागच्या दारी. हातात मोजायची टेप. चहा घेतेस का विचारलं तर म्हणाली, "आधी भिंत, लल्ला, मग चहा." लल्ला म्हणजे तिच्याकडे ताई. वीस वर्षं शेजारी राहून तिने मला नावाने एकदाही हाक मारलेली नाही.

तिच्या इत्तोचं लग्न ठरलं. नोव्हेंबरात. मुलगा इंग्रज, डॅनियल, एअरपोर्टवर तिच्याच ऑफिसात. घरी निकाह, मग टाउन हॉल. हम्मूने, म्हणजे फा.च्या नवऱ्याने, महिनाभर तोंड वाकडं केलं आणि आता मुलाला स्वतःच्या हाताने जेवायला वाढतो.

फा.ला मुलीसाठी लग्नाची शाल विणायची आहे. हंदिरा म्हणतात. पांढरी, जाड लोकरीची, खांद्यावरून पोटरीपर्यंत येणारी, वर टिकल्या. मोरोक्कोत तिच्या डोंगरातल्या गावी नवरी ती पांघरूनच सासरी निघते. त्याला उभा माग लागतो. तिच्या घरात तिन्ही भिंतींना सोफे. चौथीला टीव्ही.

माझ्याकडे मोकळी जागा एकच. ह्यांची खोली.

"बघते" म्हणाले. तिने भिंत मात्र मोजून घेतली.

१२ मार्च

ह्यांना जाऊन तीन वर्षं होतील मेमध्ये. खोली दर शुक्रवारी पुसते, बसत नाही. आज सुहास रीडिंगहून आला. फोनवर सांगितलं होतं तरी दारातच, "आई, लूम? आपल्या हाउन्सलोत?"

"कुठेतरी ठेवायलाच हवा ना."

त्याने आणि हम्मूने पलंग सुटा करून शेडमध्ये नेला. मी स्वयंपाकघरात पोहे केले, मीठ दोनदा पडलं. हम्मूने दोन बशा खाल्ल्या. म्हणाला, समुद्राकाठचे लोक असंच खातात.

२६ मार्च

लोकर आली. हम्मूच्या कामावरच्या एकाचा भाऊ मेंढ्या पाळतो. गोण्या इतक्या की हॉलमधून जाता येईना. लोकरीत काटे, गवत, आणि बाकीचं लिहीत नाही. फा.कडे धुवायची नाही, कारण इत्तो म्हणाली, "मम, द हाउस विल स्मेल लाइक अ शीप." म्हणून माझ्या बाथमध्ये. दिवसभर दोघी गुडघ्यावर. ती गात होती, मी साबण घालत होते.

संध्याकाळी मोरी तुंबली. प्लंबरने हात घातला, बाहेर काढला, हातातल्या गोळ्याकडे बघितलं.

"बीन बेदिंग अ शीप, लव्ह?"

"सेव्हन," फा. म्हणाली.

हसून हसून मला पायरीवर बसावं लागलं. असं पोट दुखेपर्यंत हसणं कितीतरी दिवसांत झालं नव्हतं.

१४ एप्रिल

रोज दुपारी पिंजणं आणि कातणं. माझा धागा जाड-बारीक येतो. फा. चाती मांडीवर फिरवते, माझ्याशी बोलते, बाहेर कोण गेलं ते बघते आणि धागा एकसारखा.

लायब्ररीतून उत्तर आफ्रिकेवरचं जाड पुस्तक आणलं. माझं शिक्षण सातवीपर्यंत. इंग्रजी डिक्शनरी मांडीवर घेऊनच शिकले, अजूनही तसंच वाचते. एका पानाला अर्धा तास. पण कळतं.

बर्बर हे नाव त्यांनी स्वतःला दिलेलं नाही. बाहेरून आले त्यांनी दिलं. फा. म्हणते, आम्ही इमाझिघेन. पुस्तकात त्याचा अर्थ "मोकळी माणसं" असा. रोमन यायच्या आधीपासून, अरब यायच्या आधीपासून तिथलेच. त्यांचे राजे होते. एक राणी होती, अरब फौजेशी लढली. मी कातता कातता सगळं वाचून दाखवलं.

"राणी कुठल्या गावची?" फा.

"पूर्वेकडची. अल्जीरियाच्या बाजूची."

"हं. त्या बाजूच्या बायका भांडतात खऱ्या."

तिला राजे-राण्यांचं विशेष काही वाटलं नाही. पण आमच्यावर पुस्तक आहे, हे तिने हात पुसून पान चाचपून बघितलं. शाळेत ती कधी गेली नाही. गावच्या शाळेत अरबी आणि फ्रेंच. हिची भाषा बोललं की मास्तर भावाच्या हातावर पट्टी मारायचे. भाऊ घरी येऊन रडायचा तेही त्याच भाषेत, म्हणाली.

इथे तिला सगळे अरब म्हणतात. मला विचारतात, डू यू स्पीक इंडियन. मराठी म्हटलं की पुढचा माणूस नुसता मान हलवतो.

१ मे, रविवार

ताणा, म्हणजे मागाचे उभे धागे, आज घातला. ऊन छान.

मागच्या बागेत दोन लोखंडी खुंट्या ठोकल्या. एकीपाशी फा. बसणार, दुसरीपाशी एक बाई, आणि तिसरीने लोकरीचा गुंडा घेऊन मधल्यामध्ये फेऱ्या मारायच्या. इत्तो म्हणाली मला शिफ्ट आहे. नव्हती, गाडी दारात होती. मग मी पलीकडच्या पॅटला बोलावलं. सत्तरीची आहे, पण चालते खुटखुट.

आधी खजूर आणि साखर. फा. म्हणाली, आजपासून ह्याच्यात जीव येतो. म्हटलं आता बोलायलाच हवं. सांगितलं की आमच्यात लग्नाच्या वस्तूला पहिला हात सवाष्णीचा लावतात. माझा नको. पॅटचा घे.

पॅटने विचारलं, "व्हाय मी?" मी समजावलं. ती म्हणाली, "आय हॅव बरीड टू हजबंड्स, लव्ह. मी तर मग घरीच जाते."

फा. दोघींकडे बघत राहिली. मग म्हणाली, "लल्ला, माझ्या आईने ज्या बायकांबरोबर विणलं त्या सगळ्या विधवा. नवरेवाल्यांना वेळ कुठे असतो?" आणि माझा हात धरून पहिला फेर खुंटीला घालायला लावला.

दुपारभर पॅट येरझाऱ्या घालत होती. मध्येच गाणं म्हणायची. हम्मू कुंपणापाशी आला, आत आला नाही. ताणा घालताना जाणाऱ्याने रिकाम्या हाताने जायचं नसतं म्हणे. साखरेची पिशवी भिंतीवर ठेवून गेला.

हात अजून लोकरीच्या वासाचे आहेत. धुतले नाहीत.

१९ मे

ह्यांचा दिवस. सुहास आला होता, दोघांनी शिरा केला. दुपारनंतर फा. नेहमीप्रमाणे आली, मागापाशी बसली. मीही बसले. विणीवर आपटणाऱ्या फणीचा आवाज. बरं वाटलं. एवढंच.

२ जून

इत्तो आली होती. ती अशी एकटी येत नाही. खोलीच्या दारात उभी. कापड गुडघ्याएवढं झालंय. आम्ही आतल्या बाजूने विणतो, दुसरी बाजू खिडकीकडे.

"आंटी, तुम्ही तिला सांगा. मी हे घालणार नाही."

का म्हणून विचारलं.

म्हणाली, शाळेत पेरेंट्स इव्हिनिंगला मम आली की मुली तिच्या हनुवटीवरचं गोंदण बघून हसायच्या. कोणी पेनने स्वतःच्या हनुवटीवर रेघा काढल्या. "मी तेव्हाच ठरवलं, मी कोणाला बघायला म्हणून काही घालणार नाही. माझं लग्न म्हणजे म्युझियम नाही."

हसण्यासारखं त्यात काही नव्हतं. माझ्या आईच्या हातावर गोंदण होतं, तिने ते लांब बाहीत लपवावं असं मलाही एकदा वाटलं होतं. तिला ते सांगितलं नाही. म्हटलं, "तूच सांग तिला."

"सांगितलं. ती म्हणते, बरं. आणि विणायला येते."

खरंच आहे. फा.ला विचारलं तर म्हणाली, "घालायचं की नाही तिचं काम. विणायचं माझं." पण आज तिने फणी जोरात मारली.

२३ जून

मी काय करून बसले.

फा. तीन दिवस ल्यूटनला, बहिणीकडे. मी झाडायला म्हणून मागाच्या पलीकडे, खिडकीच्या बाजूला गेले. तिथे लोकरीची टोकं लोंबत होती, बोटभर लांब, ओळीच्या ओळी. मला वाटलं ही राहिलेली शेवटं. सासूबाई माझं भरतकाम आधी उलटं करून बघायच्या, मागे एक दोरा लोंबला तर सगळं उसवायला लावायच्या. म्हटलं फा. यायच्या आत नीट करून ठेवू. ह्यांची कात्री घेतली. दोन संध्याकाळी बसून वीतभर पट्टा स्वच्छ कापला. काय छान दिसत होता.

ती सुलटी बाजू. ती टोकंच तर शालीची शोभा. फा.ने आज येऊन बघितलं. हात लावून बघितलं. "ही सुलटी," एवढं म्हणाली आणि चहा न घेता घरी गेली.

२६ जून

येत नाही. दार वाजवलं, हम्मूने उघडलं. "झोपलीय." आत भांडी वाजत होती.

पट्ट्याच्या वर आणखी वीतभर विणून झालंय. उसवायचं तर सगळं उसवावं लागेल. जेवण गेलं नाही.

२८ जून

आली! खिडकीच्या बाजूला जाऊन उभी राहिली, मला हाक मारली. कापलेल्या जागेवरून हात फिरवला.

"तू माझ्या मेंढीची हजामत केलीस."

मी माफी मागायला लागले तर तिचे खांदे हलायला लागले. मला वाटलं रडते. हसत होती. मला समजावलं की ही टोकं बर्फासाठी असतात. घाटातून जाताना बर्फ वर अडकतो, आत शिरत नाही. "ह्या पट्ट्यात नवरीला गार लागेल. पण हाउन्सलोत कुठला घाट?"

मग पॅटला बोलावून दाखवलं. मग हम्मूला. मग ल्यूटनच्या बहिणीला फोन. माझी कीर्ती मोरोक्कोपर्यंत जाणार.

त्या जागी जास्त टिकल्या लावायचं ठरलं.

२५ ऑगस्ट

फा. धावत आली, पायात हम्मूच्या चपला. गावाहून भावाचा फोन. तिकडे टीव्हीवर आता त्यांच्या भाषेत बातम्या सुरू झाल्या. थोडाच वेळ, पण रोज. आणि राजाने भाषणात म्हटलं की त्यांची भाषा शाळेत शिकवायला हवी.

"त्याच शाळेत," म्हणाली. मग पुन्हा, "त्याच."

म्हाताऱ्या आत्याची गोष्ट सांगितली. बातम्या सांगणारा माणूस त्यांच्या भाषेत बोलायला लागला तशी आत्या उठली, डोक्यावरून फडकं ओढलं, त्याला सलाम केला आणि टीव्हीसमोर चहाचा पेला ठेवला. घरी पाहुणा आला, आपलं बोलतोय, त्याला कोरडा कसा पाठवायचा.

इत्तोलाही ही गोष्ट सांगितली म्हणे. ती काय म्हणाली, मी विचारलं. "हसली. मग विचारलं, चहा कोणी प्यायला?"

संध्याकाळी हम्मूने सगळ्या गल्लीला वडीसारखी मिठाई वाटली. पोस्टमनलासुद्धा.

११ सप्टेंबर

डॅनियल आला होता माग बघायला. लाल कानांचा, उंच. दारातून आत येताना डोकं आपटलं. हे काय, ते काय, हा रंग का नाही, ही रेघ कशाची. मी मध्ये दुभाषी, फा.च्या इंग्रजीचं माझ्या इंग्रजीत करायला. जमिनीवर आडवं पडून खालून पण बघितलं त्याने.

इत्तो भिंतीला टेकून, हात बांधून. शेवटी म्हणाली, "यू लाइक इट सो मच, यू वेअर इट."

फा.ने टेप काढली आणि त्याचे खांदे मोजले. तो उभा राहिला सरळ, गंभीर. "टू बिग," फा. म्हणाली. "यू नीड टू मोअर शीप."

इत्तो हसली, पण जाताना मला हळूच म्हणाली, "आता मी एकटीच वाईट ठरते." वाईट वाटलं. म्हटलं, "कोण म्हणतं? लग्न तुझं आहे." तिने माझ्याकडे नीट बघितलं. फा.ला हे बोलणं सांगितलं नाही.

१५ ऑक्टोबर, शनिवार

शाल मागावरून उतरवली.

कापताना घरात पुरुष नको म्हणाली. सुहास आला होता, त्याला आणि हम्मूला बाहेर गाडीत बसवलं. दोघे फुटबॉल ऐकत.

फा.ने वाटीत पाणी मागितलं. बोटांनी ताण्यावर शिंपडलं. मग ओठांत काही म्हणाली. माणूस जाताना त्याच्या कानाशी म्हणतात तेच, म्हणाली. मागावर असेपर्यंत कापडात जीव असतो. कापलं की जातो. तहानलेलं पाठवू नये.

मी वाटी धरून उभी. ह्याच खोलीत, ह्याच भिंतीला ह्यांचा पलंग होता. मी चमच्याने पाणी घातलं होतं. तुळशीचं पान कुठलं मिळणार. सुहास शेजारी पळत गेला होता आणि फा.ने काही न विचारता मूठभर पुदिना दिला होता. तोच घातला. हे तिला आजवर माहीत नव्हतं. आज सांगितलं.

तिने वाटी माझ्या हातात तशीच ठेवून माझी बोटं पाण्यात बुडवली. मग मीही शिंपडलं.

मग कात्री. ह्या वेळी तिने धरली! "तुला नाही देणार," म्हणाली.

शाल खाली आली ती इतकी जड की दोघींना धरावी लागली. पुरुषांना आत बोलावलं. हम्मूने ती डोक्यावर घेतली आणि हॉलभर नाचला. सुहासने फोटो काढले.

खोली पुन्हा रिकामी. दार उघडंच ठेवलंय.

३० ऑक्टोबर

पंधरा दिवस टिकल्या. डोळ्यांसमोर चांदण्या नाचतात. आज शेवटची लावली. पॅटने गाठ मारली.

इत्तो आली. शाल माझ्या सोफ्यावर होती. उचलून बघितली, वजन बघितलं. टिकल्यांवरून हात फिरवला, त्या वाजल्या.

फा. आत्ता काहीतरी म्हणेल असं मला वाटलं. ती उठून स्वयंपाकघरात गेली आणि माझ्याच कपबश्या विसळायला लागली.

इत्तो म्हणाली, "माझा ड्रेस स्लीव्हलेस आहे. टाउन हॉलच्या पायऱ्यांवर फोटो. जर थंडी असेल... तर वरून घेईन. थंडी असेल तरच, हं. ओन्ली इफ इट्स कोल्ड."

आतून फा. म्हणाली, "ती थंडीसाठीच असते."

कपबशी एक फुटली.

६ नोव्हेंबर

काय हा नोव्हेंबर. लोक कोट हातात घेऊन फिरतायत. पॅटच्या गुलाबाला कळी.

टीव्हीवरचा हवामानवाला हसत हसत सांगतो, माइल्ड, माइल्ड. फा. त्याला तिच्या भाषेत काय म्हणाली ते विचारलं नाही.

९ नोव्हेंबर

पुन्हा माइल्ड. फा. माझ्याकडेच बातम्या बघते, कारण घरी इत्तो तिच्या तोंडाकडे बघत असते.

मी म्हटलं, आमच्याकडे पाऊस यावा म्हणून देव पाण्यात ठेवतात. ती म्हणाली, थंडीसाठी ठेव. म्हटलं, कुठे, फ्रीजमध्ये? दोघी वेड्यासारख्या हसलो. पण झोपताना मी हात जोडून थंडी मागितली. आयुष्यात पहिल्यांदा. ह्या देशात पंचवीस वर्षं तिला शिव्याच दिल्या.

११ नोव्हेंबर

निकाह झाला घरी. डॅनियलने सगळं पाठ केलं होतं, मौलवींच्या पुढे पुढे जात होता. ल्यूटनच्या बहिणीने तोंडावर हात मारत, त्यांच्यात लग्नात बायका काढतात तो लांब आवाज काढला, पॅटने पण प्रयत्न केला. इत्तोने हिरवा काफ्तान घातला होता, गोड दिसत होती. शालीबद्दल कोणी चकार शब्द काढला नाही. शाल तिच्या खोलीत, खुर्चीवर. फा. म्हणाली, "घडी मी घातली होती तशी नाही आता." म्हणजे कोणीतरी उलगडली होती. त्यावर दोघींनी फार बोलायचं नाही असं ठरवलं आणि तासभर त्यावरच बोललो.

१२ नोव्हेंबर, शनिवार, सकाळ

सहालाच जाग. पडदा सरकवला. आभाळ निळं, कोवळं ऊन पडायला लागलेलं. मेलं हवामान.

मागचं दार उघडून बागेत गेले. कुंपणापलीकडे फा., रात्रीच्या गाऊनमध्ये, मेंदीचा एक हात वर धरून उभी.

"कसं वाटतंय, लल्ला?"

"गार आहे बाई."

"फारच."

"हाडं गोठली."

"माझे तर कान."

दोघींच्या अंगावर साधी ओढणी नाही. पलीकडून पॅटची खिडकी उघडली. हे काय चाललंय तुमचं? मी विचारलं, पॅट, थंडी वाजतेय का? तिने आमच्याकडे, मग आभाळाकडे बघितलं. मग म्हणाली, "पेरिशिंग!" आणि पातळ ब्लाउजची बाही खाली ओढून कुडकुडली. नाटकात काम करायला हवं होतं बाईने.

तेवढ्यात फा.च्या घराची वरची खिडकी उघडली. इत्तो. केसांना रोलर. आमच्याकडे बघितलं, एकेकीकडे. मग उघडा हात बाहेर काढला, तळवा वर करून, आणि तसाच धरला. बराच वेळ. आम्ही तिघी खाली, माना वर करून. विमान गेलं एक डोक्यावरून.

हात आत गेला.

"इम्मा," ती म्हणाली, मम नाही, त्यांच्या भाषेतलं आई, "वर ये जरा."

फा. जिना चढताना पायऱ्या मोजता येतील इतक्या जोरात पळाली. खिडकी बंद झाली. आतलं काही ऐकू येत नाहीये.

गाडी अकराला. मी जांभळी पैठणी काढून ठेवलीय. नेसायला उठते.